लक्ष्मीनारायणाचा जोडा

फ्रीझर उघडल्यावर येतो तसा कोरडा, गार वास आला की मला ईडन प्रेरीची ती आइस रिंक आठवते. २००४ चा हिवाळा होता. सासूबाई पहिल्यांदाच अमेरिकेत आल्या होत्या आणि लेकीचा स्केटिंगचा क्लास सुटेपर्यंत आम्ही दोघी कोटावर शाली गुंडाळून बाकावर बसलो होतो. समोर बेलारूसहून आलेली एक मुलगी आणि एक मुलगा बर्फावर जोडीने नाचत होती. दुसऱ्या दिवशी त्यांची ज्युनियर आइस डान्सची स्पर्धा होती. तो तिला कमरेला धरून गर्रकन वळवायचा, ती त्याच्या डोळ्यांत बघत मागे झुकायची, आणि पात्यांखाली बर्फ करकरायचा. पाणी प्यायला दोघं कठड्याशी आली, तशा सासूबाई उठल्या, त्यांच्यावरून हात ओवाळून कडाकडा बोटं मोडली आणि मला म्हणाल्या, “लक्ष्मीनारायणाचा जोडा गं अगदी! विचार ना, लग्न कधी करताय?” मीही हौसेने इंग्रजीत विचारलं. मुलगा कानापर्यंत लाल झाला. मुलगी हळूच म्हणाली, “ही इज माय ब्रदर.” “काय म्हणाली गं?” सासूबाईंनी विचारलं. “थँक्यू म्हणाली,” मी पुटपुटले. संगीत पुन्हा सुरू झालं, पण दोघं एकमेकांकडे बघेनात. एकमेकांच्या डोळ्यांत बघा म्हणून त्यांची कोच “आइज! आइज!” ओरडत राहिली, तरी नजरा बर्फावरच. सासूबाई खुशीत मला कोपराने ढोसून म्हणाल्या, “बघ, कशी लाजतायत!” स्पर्धेत त्यांचं काय झालं, ते विचारायची हिंमत मला झाली नाही. आजही एखाद्या लग्नात कुणी लक्ष्मीनारायणाचा जोडा म्हटलं की नवरीच्या आधी माझीच मान खाली जाते.