कोर्ट उठेपर्यंतची शिक्षा

चतुराबाईंच्या पत्र्याच्या दारावर नोटीस डकवली गेली, तेव्हा त्या तुरीत खुरपत होत्या. सून वनिताने कागद शेतात आणून वाचून दाखवला. गायरानातलं तीन एकराचं अतिक्रमण पंधरा दिवसांत काढा, नाहीतर जेसीबी लावून काढू.

"कुणाचं अतिक्रमण?"

"आपलं, आत्याबाई."

त्यांनी खुरपायला घेतलेली तुरीची ओळ पुरी केली आणि मगच उठल्या.

शिरूर कासारकडच्या या गायरानावर, गावच्या गुरचराईच्या सरकारी माळावर, त्या आणि नवरा कचरू एक्क्याऐंशी साली आले. नावावर बोटभर जमीन नव्हती. दोन वर्षं नुसते दगड वेचले, त्याच दगडांचा बांध घातला, मग बाजरी पेरली. पुढे कचरू वारले. मुलगा अनिल दर हंगामात ऊसतोडीला जाऊ लागला. चतुराबाईंनी माळ सोडला नाही.

तलाठी म्हणाला, नव्वदच्या आधीपासून कसत असल्याचा सरकारी कागद आणा, तर जमीन नावावर करण्याचं काही होईल. अतिक्रमणाच्या नोंदवहीत मात्र त्यांचं नावच कुणी चढवलं नव्हतं.

अनिल म्हणाला, "आये, आपल्यापाशी कागद न्हाई. कशाला जिवाला तरास करून घेती?"

"आपल्यापाशी न्हाई. कोर्टात हाय."

मग त्यांनी मुलाला चाळीस वर्षं न सांगितलेली गोष्ट सांगितली. चौऱ्याऐंशीत गावातून तक्रार झाली आणि गायरान नांगरणाऱ्या सात जणांना पोलिसांनी पाटोद्याच्या कोर्टात उभं केलं. कचरूंनी नांगरल्याचं कबूल केलं. कोर्ट उठेपर्यंत बसून राहायची शिक्षा झाली. चतुराबाई दिवसभर बाहेर भाकरी घेऊन बसून होत्या.

"बापाला शिक्षा झालती?" अनिलने विचारलं.

"झालती. जमीन कसली म्हणून. चोरी केली म्हणून न्हाई."

वकील धनश्रीताईंनी कोर्टात त्या निकालाच्या नकलेचा अर्ज केला आणि तहसीलमधून सुनावणीची तारीख मिळवली. कोर्टातल्या कारकुनाने सांगितलं, "आजी, एवढी जुनी फाईल नष्ट केलेली असते."

"फाईल गेली आसंल. नावं लिव्हायची वही आसंल ना? ती बघा."

चार खेपा रिकाम्या गेल्या. पाचव्या खेपेला रजिस्टर सापडलं. कडा वाळवीने खाल्लेल्या, पण मधली ओळ शाबूत होती: कचरूंचं नाव, गाव, तारीख, आणि गुन्हा, सरकारी गायरान नांगरल्याचा. खाली आणखी सहा नावं. ज्या कागदाची लाज वाटत होती, त्याची शिक्का मारलेली नक्कल घेऊन चतुराबाई सुनावणीला गेल्या.

तहसीलदारांनी नक्कल दोनदा वाचली. "यात क्षेत्र लिहिलेलं नाही. तिन्ही एकर तेव्हापासूनचे का?"

धनश्रीताईंनी चतुराबाईंकडे पाहिलं. हो म्हटलं असतं तर कुणी खोडून काढणार नव्हतं.

"न्हाई साहेब. दोन एकर तवाचं. वढ्याकडचं एक एकर आमचं मालक वारल्यावर धरलं, सत्त्याण्णवला."

बाहेर आल्यावर अनिल चिडला. "कुणी इचारलं असतं का? एक एकर घालवलं तू."

"एक खोटं बोलले असते, तर तुझ्या बापाचं दोन एकरबी खोटं पडलं असतं. चल, यष्टी जाईल."

महिन्याभराने हुकूम आला. दोन एकरावरची आणि घरावरची कारवाई थांबली, नियमित करण्याचा प्रस्ताव वर गेला. ओढ्याकडचं एकर सोडावं लागलं. तिथली तूर हिरवीच होती. जेसीबी येण्याच्या आदल्या दिवशी सासू-सुनेने ती उपटून शेळ्यांना घातली. चतुराबाई त्या दिवशी जेवल्या नाहीत.

सातबाऱ्यावर नाव अजून लागलेलं नाही. दर सोमवारी त्या तहसीलच्या खिडकीवर प्रस्ताव कुठवर गेला ते विचारतात. आता एकट्या जात नाहीत. रजिस्टरातल्या बाकी सहा नावांची घरं त्यांनी शोधून काढली, तिथली माणसं आता बरोबर असतात. दोघंजण गेवराईकडे राहायला गेले होते, एकाची फक्त नात उरली होती. प्रत्येक दारात त्या एकच वाक्य बोलल्या:

"तुमच्या माणसालाबी शिक्षा झालती. त्याची नक्कल काढा."