बिनव्याजी घर

१९५८ च्या जून महिन्यात मी दिग्रस सोडले. सकाळच्या मोटारीने यवतमाळ, तिथून दुसऱ्या मोटारीने नागपूर. मॅट्रिकचा निकाल लागून दोन आठवडे झाले होते. पिशवीत दोन सदरे, एक पायजमा, शाळेचा दाखला आणि फडक्यात बांधलेल्या चार भाकरी होत्या. पुढे शिकायला मी निघालो नव्हतो. आमचे घर पाचशे रुपयांत गहाण होते. ते सोडवण्याची मुदत १९६१ च्या मार्चअखेर संपत होती आणि दिग्रसमध्ये राहून पाचशे रुपये उभे राहण्याची शक्यता नव्हती.

मोटारीपर्यंत बाबा आले होते. माय आली नाही. कापसातली सरकी काढणाऱ्या जिनाचा पहिला भोंगा झाला तेव्हा ती कामाला निघाली होती. "रडाले वेळ नाई मले," एवढेच ती जाताना म्हणाली.  चाके हलल्यावर बाबा खिडकीला हात लावून म्हणाले, "पावती घेतल्याबिगर कोणाले एक पैसा देजो नको."

बाबांना वाचता येत नव्हते. लिहिलेल्या कागदाची किंमत त्यांना अवघ्या दोन वर्षांपूर्वी कळली होती.

घर दोन खोल्यांचे. कच्च्या विटांच्या भिंती, वर पत्र्याच्या टिना. १९५२ पूर्वी तिथे गवताची झोपडी होती आणि दरवर्षी ती नव्याने शाकारावी लागे. भिंती आणि टिनांसाठी बाबांनी नानासाहेबांकडून पैसे घेतले. नानासाहेब कापसाच्या बाजारातले अडते. स्टँप पेपरवर लिहिलेले असे: रक्कम रुपये पाचशे, मुदत नऊ वर्षे, व्याज नाही. मुदतीत रक्कम न आल्यास घर व जागा कायमची नानासाहेबांची. बाबांनी अंगठा दिला. लिहिणाऱ्याने दौतीला झाकण लावल्यावर नानासाहेब जे बोलले, ते कागदावर नाही. "व्याजाचं काही मनात ठिवू नको, गणपत. येत-जात राह्य."

बाबा हे वाक्य कित्येकांना अभिमानाने सांगत. मोहल्ल्यात दुसऱ्या कोणाला बिनव्याजी पैसे मिळाले नव्हते.

येणे-जाणे दुसऱ्या दिवशी सुरू झाले. मायने पहाटे नानासाहेबांचा गोठा काढायचा, शेण टाकायचे, मागचे-पुढचे अंगण सारवायचे आणि भोंग्याच्या आत जिनात पोहोचायचे. निघताना तिच्या पदरात वरून एक शिळी भाकर पडे. बाबांनी लाकडे फोडायची, मेलेले जनावर ओढून न्यायचे. त्या घरात कोणी वारले की परगावच्या सोयऱ्यांना पायी जाऊन सांगायचे. एकदा ते राळेगावकडच्या एका खेड्यापर्यंत असा निरोप घेऊन गेले. परतायला पाच दिवस लागले आणि जिनातली पाच दिवसांची रोजी बुडाली. या कामाला आमच्या घरात कोणी व्याज म्हटले नाही. मजुरीही म्हटले नाही. त्याला काही नावच नव्हते.

१९५६ च्या दसऱ्याला मोहल्ल्यातली बरीच घरे नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आली. त्यांत माय आणि बाबा होते. परतल्यावर दुसऱ्या दिवशी पहाटे माय उठली, आमचे अंगण झाडले आणि चूल पेटवली. नानासाहेबांकडे ती गेली नाही. आठवड्याने त्यांचा गडी दारात आला.

"गणपत, बैल पडला."

"पडला तं उचला," बाबा म्हणाले.

गडी हसला, मग हसणे आवरून निघून गेला. संध्याकाळी तोच निरोप घेऊन आला: "नानासाहेब म्हणते, ठीक हाय. मुदत तेवढी ध्यानात ठिवजो म्हणा."

त्या दिवशी पेटीतली कागदाची नक्कल बाहेर निघाली. मी दहावीत होतो. पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत मी ती वाचून दाखवली. 'कायम' हा शब्द बाबांनी मला तीनदा वाचायला लावला.

नागपुरात मला एका मराठी दैनिकात मुद्रितशोधकाचे काम मिळाले. दुपारची पाळी. गॅली, म्हणजे मजकुराचा कच्चा छाप, वाचायची, चुका दाखवायच्या, दुसरे प्रूफ आले की पुन्हा वाचायचे. दोन वर्षांनी बातम्यांच्या डेस्कवर घेतले. तिथले मुख्य उपसंपादक नव्या माणसाला पहिल्याच दिवशी सांगत: कोण, कुठे, केव्हा, किती एवढे लिहा, 'अरेरे' वाचक स्वतः म्हणेल. खोली शोधताना तीन ठिकाणी आडनाव विचारले गेले आणि तिन्ही खोल्या तेवढ्यात भाड्याने गेलेल्या निघाल्या. चौथी नागपुरातल्याच इंदोरा वस्तीत, आपल्या लोकांत मिळाली. पगार हाती येई त्यातून भाडे, खाणावळ आणि सायकलचा हप्ता जाई. ज्या घराच्या टिना पावसात वाजायच्या त्या घरासाठी मी ज्या खोलीत राहत होतो, तिला खिडकी नव्हती.

पहिले सहा महिने मी नानासाहेबांच्या नावाने दरमहा पंधरा रुपयांची मनीऑर्डर केली. खालच्या जागेत एकच ओळ लिहीत असे: 'घर गहाण रकमेपैकी.' सहाही परत आल्या. रक्कम परत मिळे, मनीऑर्डरचा खर्च मिळत नसे. मनीऑर्डरच्या फॉर्मचा खालचा तुकडा मी पोस्टातून मागून घेई. त्यावर शेरा असे: घेण्यास नकार. बाबांनी शाळेतल्या मास्तरांकडून कार्ड लिहवून कळवले, 'तुकड्यातुकड्याने घेत नाही म्हणतात. एकरकमी पाहिजे.' मग मी पोस्टात बचतीचे खाते उघडले.

१९६१ च्या जानेवारीत पासबुकात पाचशे चार रुपये झाले. फेब्रुवारीत रजा काढून मी दिग्रसला गेलो. दहा-दहाच्या पन्नास नोटा रुमालात बांधून बाबा आणि मी नानासाहेबांच्या बैठकीत गेलो. पूर्वी बाबा पायरीखाली थांबत. त्या दिवशी ते वर चढले.

"बस, बस," नानासाहेब म्हणाले. मग माझ्याकडे पाहून, "पेपरात हायेस म्हणे तू. आमचं काही छापू नको बाप्पा."

"बसाले नाई आलो," बाबा म्हणाले. "मोजून घ्या." आणि त्यांनी स्वतःच एक-एक नोट सतरंजीवर ठेवत मोठ्याने पन्नासपर्यंत मोजले.

नानासाहेबांनी नोटांना हात लावला नाही. "अबे, मले पैशाचं काय काम? गिरजाले पहिल्यासारखी सकाळी दोन घंटे धाडत जा. घरात सूनबाई एकटी हाय. कागद आत्ता तुह्यासमोर फाडतो. एक रुपया नको."

हा देकार खरा होता असे मला आजही वाटते. त्यांनी कागद आणायला माणूस आत पाठवलाही होता.

"फाडू नका," बाबा म्हणाले. "पैसे घ्या, शेरा मारा, आन् कागद सगळाच्या सगळा द्या."

"लय सायेब झाला रे गणप्या."

"गणपतच हाय मी. पहिलेपासून."

नोटा पुन्हा रुमालात आल्या. मुदतीला चाळीस दिवस उरले होते.

दुपारी ओट्यावर बसून मी एक हिशेब मांडला. सूचना माझीच होती. मायचे पहाटेपासून भोंग्यापर्यंतचे काम म्हणजे जिनातली अर्धी रोजी. त्या वेळी बाईची रोजी बारा आणे होती, म्हणजे दिवसाला सहा आणे. एप्रिल १९५२ ते ऑक्टोबर १९५६, पंचावन्न महिने, महिन्याचे तीस दिवस. सहाशे अठरा रुपये बारा आणे. मुद्दल पाचशे. नानासाहेबांवर उलट दावा लावता येईल, घर कामातच फिटले आहे, असे मी म्हणालो.

बाबांनी ऐकून घेतले. "नाई," ते म्हणाले. "आपण त्या कामाले भाव लावला, म्हंजे ते काम आपलंच होतं असं झालं. उद्या लोक म्हणतीन, गणपतनं ढोरं ओढून घर सोडवलं. मले पैशानं सोडवाचं हाय."

माय भांडी घासत होती. तिने राखेचा हात तसाच ठेवला. "तुमच्या कामाले भाव नका लावू. माही कंबर फुकटची नोती. मांड रे तू. आन् त्या शिळ्या भाकरी वजा कर."

"भाकरी कायले?"

"त्याचं माह्या अंगावर काही नको."

रोजच्या भाकरीचा एक आणा धरला. पंचावन्न महिन्यांचे एकशे तीन रुपये दोन आणे झाले. ते वजा जाता उरले पाचशे पंधरा रुपये दहा आणे.

"म्हंजे मुद्दल जाऊन पंधरा रुपये दहा आणे त्याच्याकडंच निघते," माय म्हणाली.

"मुद्दल मी रोख देऊन राह्यलो," बाबा म्हणाले.

"मंग सगळेच निघते," माय म्हणाली आणि पुन्हा भांड्यांकडे वळली. बाबा हसले नाहीत. 

नागपूरला परत येताच मी पूर्ण पाचशे रुपयांची मनीऑर्डर केली. ती दहाव्या दिवशी परत आली, त्याच शेऱ्यासह. पुढचा मार्ग मला कामातूनच माहीत होता. जाहीर नोटिसांची प्रुफे दोन वर्षे मीच वाचत होतो. धनको पैसे घेत नसेल तर गहाणाची रक्कम कोर्टात भरता येते, हे अशाच एका नोटिशीत आले होते. ती वाचताना मी फक्त 'धनको'त ध च्या जागी पडलेला घ दुरुस्त केला होता. आता कार्यालयाच्या फायलीतून तो अंक काढून पुन्हा वाचला. मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात दारव्ह्याच्या कोर्टात एका वकिलामार्फत अर्ज दिला आणि पाचशे रुपये भरले. मुदत संपायला दोन-अडीच आठवडे होते.

नोटीस गेल्यावर नानासाहेब वकील घेऊन आले. त्यांचे म्हणणे असे की रक्कम त्यांना कधी कोणी देऊ केलीच नाही. आमच्या वकिलांनी परत आलेल्या मनीऑर्डरींचे सात तुकडे टेबलावर ठेवले, सहा पंधरा-पंधराचे आणि एक पाचशेचा. नानासाहेबांनी चष्मा लावून सातवा वाचला. मग रक्कम उचलण्यास तयार असल्याचे त्यांनी लिहून दिले. मूळ कागद फेडीच्या शेऱ्यासह त्याच महिन्यात बाबांच्या हातात आला.

कागद मिळाला त्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात माय होती. एक दिवसाची रोजी बुडवून ती आली होती. नानासाहेब बाहेर पडले तेव्हा ती उभी राहिली. हिशेबाचा कागद तिच्या हातात होता.

"नानासाहेब, तुमचं मुद्दल तुम्हाले भेटलं. आता माह्यं द्या. पाचशे पंधरा रुपये दहा आणे."

"कायचे?"

"गोठ्याचे."

"अवं बाई, तुम्हाले बिनव्याजी दिलते ना मी पैसे! नऊ वर्षं!"

"म्हणूनच म्हणून राह्यली. व्याज नोतं, तं काम कायचं होतं?"

नानासाहेबांनी वकिलाकडे पाहिले. वकिलाने घड्याळ पाहिले. दोघे टांग्यात बसून गेले. बाबा थोडे दूर उभे होते. परतीच्या मोटारीत त्यांनी तो हिशेबाचा कागद मायकडून मागून घेतला, उलटसुलट पाहिला आणि फेडीच्या कागदासोबत घडी घालून खिशात ठेवला.

आमच्या मोहल्ल्यातून त्या वर्षांत आणखी काहीजण नागपूरला, काही भुसावळला, एक मुंबईला गेला. जे राहिले त्यांना वाटते की गेलेले सुटले. गेलेल्यांपैकी बहुतेक दरमहा मनीऑर्डर करत होते. त्या सगळ्यांच्या पावत्या मी पाहिलेल्या नाहीत, म्हणून त्यांच्याविषयी लिहीत नाही. आमच्या घरापुरते एवढे निश्चित आहे की पाचशे रुपयांच्या घरासाठी पाचशे रुपये रोख गेले. त्याखेरीज पंचावन्न महिन्यांच्या पहाटा, सात मनीऑर्डरींचा खर्च आणि वकिलाची फी गेली. मी गेलो तो परत राहायला आलो नाही. ही शेवटची बाब हिशेबाच्या कागदावर नाही. मायने ती घालू दिली नाही. "तू तुह्या पायानं गेला," ती म्हणाली. "त्याचं श्रेय नानासाहेबाले कायले देतं?"

नागपुरात आतापर्यंत मी चार खोल्या बदलल्या आहेत. सध्याच्या खोलीला दोन खिडक्या आहेत. कार्यालयातल्या फॉर्मवर कायमचा पत्ता विचारतात तिथे मी दिग्रस लिहितो.

१९६२ साली बाबांनी नगरपालिकेत अर्ज केला. काय लिहायचे ते त्यांनी कोणाला न विचारता मास्तरांना सांगितले. तेव्हापासून घरपट्टीच्या पावतीवर मालक म्हणून मायचे नाव येते: गिरजाबाई गणपत.

दरवर्षी मार्चमध्ये मी नानासाहेबांना मागणीचे एक कार्ड टाकतो. मजकूर माय सांगते. आणे बंद होऊन नवे पैसे आले तरी तिने रक्कम बदलू दिली नाही, कारण काम आण्यांत केले होते. यंदाचे कार्ड १९६९ च्या मार्चमध्ये टाकले. ते परत आलेले नाही. उत्तरही आलेले नाही. रक्कम पाचशे पंधरा रुपये दहा आणे आहे. तिला व्याज लावलेले नाही.