खिडकीएवढा थेंब

चामोर्शीच्या बाजाराला आमचा सिनेमाचा तंबू लागे. मशीन मी चालवायचो. खेळात पूर किंवा भूकंप असला की एक गृहस्थ हटकून चांद्याहून येत. असले देखावे कसे तयार करतात, याचा इतिहास ते एका जाड वहीत लिहीत. मला ते चक्रमच वाटायचे.

एकदा पडद्यावर पुरात घर बुडत असताना म्हणाले, "थेंब पाहा, भाऊ. खिडकीएवढा दिसून राह्यला. म्हणजे घर वीतभराचं खेळणं, अन् पूर टाक्यातला. खऱ्या पुरात थेंब दिसत नाई." मग वहीत लिहिलं, 'यात कोणी मेलं नाही.'

त्यांची बायको आणि मुलगी भामरागडकडे पुरात वाहून गेल्याचं मला नंतर कळलं.

पुढे एका सिनेमात खऱ्या पुराचं चित्रण मध्येच जोडलेलं निघालं. पाण्यावर नुसतं धुकं उडत होतं, थेंब कुठेच नव्हता. त्यांनी वही मिटली, टोपी काढली आणि ते उभे राहिले.

"बसा ना, बाप्पा! दिसून नाई राह्यलं!" मागून लोक ओरडले.

शेवटचं छप्पर वाहत पडद्याबाहेर जाईपर्यंत ते बसले नाहीत.