समासातलं मोडी अक्षर

आमच्या कॉलेजात ज्ञानाची इतकी काळजी घेतात की ते गुदमरून मरतं. मी तिथं तीस वर्षं गणित शिकवलं, म्हणजे फळा भरला आणि पुसला. त्यामुळे हे बोलायचा मला हक्क आहे, आणि थोडी लाजही आहे.

सोलापुरात विजापूर वेशीपाशी एक म्हातारे बाइंडर होते. आमच्याकडचा प्रत्येक पीएचडीचा प्रबंध त्यांच्याच हातून काळ्या रेक्झिनमध्ये बांधून निघायचा. ते प्रबंध कुणीच वाचत नसे, मार्गदर्शक तर नाहीच. पानं क्रमानं लावण्यापुरते का होईना, डोळ्यांखालून घालणारे एकटे हे चाचा. एके दिवशी त्यांनी कापडात गुंडाळलेली एक वही माझ्यापुढे ठेवली. त्यांच्या पणजोबांची, फारसीत लिहिलेली. पणजोबा मुलांना गणित आणि थोडं आकाश शिकवायचे. वहीची शिवण केव्हाच गेली होती, पानं सुटी झाली होती.

"जगाची पुस्तकं शिवता, मग घरची वही अशी?" मी विचारलं.

"शिवली तर शिवण समास खाती की सर. आन् मला पायजे ते समासातच हाय."

फारसी ओळींच्या कडेनं, चारी बाजूंच्या कोऱ्या जागेत, दुसऱ्याच कुणाच्या हातची बारीक मोडी होती. चाचांच्या घरात सांगत आले होते, की पणजोबांचा एक जोशी दोस्त होता आणि दोघं एका ओट्यावर बसून गणितावरून कचाकचा भांडायचे. उर्दू येत असल्यानं चाचांना फारसी अर्धीमुर्धी लागायची. मोडीचं मात्र एक अक्षर लागत नव्हतं.

"त्यांचं नाव तेवढं शोधून द्या, सर. आमच्या घरात ते नुसते जोशी हायत. डोळे मिटायच्या आत एकदा ऐकायचं हाय."

मी पानं चाळली आणि एका आकृतीवर थांबलो. उभा बांबू वाऱ्यानं मधेच मोडलाय, शेंडा जमिनीला टेकलाय. तर तो किती उंचीवर मोडला? हे गणित जुन्या चिनी पंडितांनी घातलं, आपल्या संस्कृत पंडितांनी घातलं, आणि इथं ते फारसीत होतं, कडेला मोडीतून कुणीतरी त्याच्याशी हुज्जत घालत होतं. मला इतका आनंद झाला की मी चाचांचा हातच धरला. वही घरी घेऊन आलो.

मोडी वाचणारे एक गृहस्थ बार्शीला होते. एसटीनं दोन तासांचा रस्ता. मी चार महिने गेलो नाही. आधी पेपर तपासणी, मग लग्नसराई, आणि मग आमचं राष्ट्रीय चर्चासत्र आलं. ते एकदाचं होऊ दे, मग जाऊ, म्हटलं.

चर्चासत्राचा विषय होता प्राचीन ज्ञानपरंपरा. कॉलेजच्या मूल्यांकनाला समिती यायची होती, म्हणून आमच्या प्राचार्यांना एकाएकी परंपरेचा उमाळा आला. प्रदर्शनात ठेवायला काहीतरी जुनं हवं होतं. मी वही दाखवली. त्यांनी नाक मुरडलं. "अहो, ही तर त्यांच्या भाषेत आहे." समासात मोडी आहे म्हटल्यावर चेहरा उजळला. "मग मोडी हस्तलिखित असंच लिहू की!" मी वाद घातला नाही. वही त्यांच्या टेबलावर ठेवून आलो.

चर्चासत्राच्या दिवशी बीजभाषण करणाऱ्या महाशयांनी जगातलं सगळं गणित आपणच दिलं आणि बाकीच्यांनी ते चोरलं, असं तासभर सांगितलं. नंतरच्या विदुषींनी सगळं ग्रीसमधून आलं, असं तेवढ्याच ठामपणे सांगितलं. दोघांपैकी एकानंही बाहेरच्या टेबलावरचं एक पान वाकून पाहिलं नाही. श्रोत्यांनी कडक भाकरी आणि शेंगाचटणीवर ताव मारला, प्रमाणपत्रं घेतली आणि दुपारच्या सत्राला नुसत्या रिकाम्या खुर्च्या ठेवल्या. उथळ पाण्याला खळखळाट फार, पण इथं पाणीसुद्धा नव्हतं.

चाचांना मीच बोलावलं होतं. धुतलेला झब्बा घालून आले. त्यांना घेऊन मी टेबलापाशी गेलो आणि पाहतो तर पानं चकाचक. प्राचार्यांनी आदल्या दिवशी शिपायाला समोरच्या झेरॉक्सच्या दुकानात पाठवून एकूण एक पान लॅमिनेट करून घेतलं होतं. पानं पाकिटापेक्षा मोठी होती, म्हणून दुकानदारानं ती चारी बाजूंनी कापून मापात बसवली होती. समास गेला होता. काठाला कुठं कुठं मोडीची अर्धी वेलांटी उरली होती. वर फलक: दुर्मिळ मोडी हस्तलिखित.

"आता शंभर वर्षं काही होत नाही बघा," प्राचार्य मागून म्हणाले आणि त्यांनी चाचांच्या खांद्यावर शाल घातली.

मी दुकानात धावत गेलो. कातरणं सकाळच्या घंटागाडीत गेली होती.

परत आलो तेव्हा चाचा तिथंच उभे होते. शिव्या देतील असं वाटलं होतं. दिल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी प्लॅस्टिकच्या कडेवरून बोट फिरवलं.

"मशीनवर कापलंय. पातं चांगलं हाय," ते म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "सर, तुमी मोबाइलवर फोटू काढल्याला नव्हं?"

काढला होता. एकच, बांबूच्या पानाचा. त्याच चर्चासत्रात मी वाचलेल्या निबंधासाठी. मी घाईघाईनं फोन काढून त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो डोळ्यांजवळ धरला, लांब धरला, पुन्हा जवळ आणला. आकृती स्वच्छ होती. फारसी ओळी स्वच्छ होत्या. निबंधात नीट बसावा म्हणून मी फोटो चारी बाजूंनी बोटानं आत ओढून घेतला होता आणि मूळचा पुसून टाकला होता.

"तुमीबी समास कापलाच की, सर," चाचा म्हणाले आणि फोन माझ्या हातात परत दिला.