पट्टा धरायचं काम

मी त्याच्या कमरेचा पट्टा सोडला आणि माझा मुलगा कॅमेऱ्यासकट मागच्या मागे विहिरीत गेला. रोवणीचे, म्हणजे धानाची रोपं लावायचे दिवस होते, पण विहीर अजून भरली नव्हती. डोकं दगडावर आपटलं. साकोलीच्या दवाखान्यात पोचेपर्यंत संपला होता.

पट्टा धरणं हे सिनेमातलं काम आहे. समोरून येणाऱ्या माणसाचं चित्र घेत कॅमेरावाला उलटा चालतो. त्याला मागचं दिसत नाही, म्हणून एक जण त्याचा पट्टा धरून त्याला मागे नेतो. भंडाऱ्यात लग्नाचं शूटिंग करता करता माझा मुलगा मुंबईला गेला. तिथल्या सिनेमांत त्याच्या पाठीशी असा माणूस असे. माहितीपटाला मात्र तो एकटाच जाई. सिनेमानं पोट भरतं आणि माहितीपटानं झोप लागते, असं म्हणायचा.

त्या वर्षी आमच्या एकोडी गावचीच रोवणी कॅमेऱ्यात घ्यायला आला. त्याचा बाप डोक्यावर धानाच्या रोपांची पेंडी घेऊन धुऱ्यावरून, म्हणजे शेताच्या बांधावरून येणार, हा त्याच्यासमोर उलटा चालणार, आणि त्याच्या मागे पट्टा धरून मी.

"माय, मी फक्त समोर पाहीन," तो म्हणाला. "मांगचं सारं तुह्यावर."

बाप हसला. "लोकायचे पोट्टे समोर जातात, आपला उलटा चालते."

दोन फेऱ्या नीट झाल्या. तिसऱ्या फेरीत विहिरीजवळ आलो आणि माझ्या मागे कोणी खोकललं. माझे भासरे, म्हणजे नवऱ्याचे थोरले भाऊ. आमच्याकडे भासरा खोकलून येतो आणि सून डोक्यावर पदर घेऊन वाटेतून बाजूला होते. लग्न झाल्यापासून मी हेच करत आले. दोन्ही हात पदराला गेले आणि मी धुऱ्यावरून खाली चिखलात उतरले. मुलानं मागे वळून पाहिलं नाही. वळायचं नाही, असंच ठरलं होतं.

पुढे मुंबईहून त्याचे सोबती ते चित्र घेऊन आले. मी एकदाच पाहिलं. बाप हसत येतो, मग आभाळ दिसतं, मग काही नाही. माझा हात त्यात कुठं दिसत नाही.

नवऱ्यानं एकदाच विचारलं, "तुनं धरलं होतं ना?"

"सोडलं होतं," मी म्हणाले.

तो उठून गोठ्यात गेला.

भासरे आता आमच्या अंगणात न खोकलता येतात. मी पदर घेत नाही.

त्या दिवशी धुऱ्यावर आम्ही चौघं होतो. त्यातले तीन म्हातारे जिवंत आहोत: मी, त्याचा बाप आणि भासरे.