पोकळ वाजणारी भिंत
मी शिकलो तो माझ्या दादामुळे. तो शिरोलीच्या फौंड्रीत, लोखंड ओतायच्या कारखान्यात, राबायचा. त्याच्या कपड्यांना साच्यांच्या जळक्या वाळूचा वास यायचा; तो वास आला की इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षाची सुट्टी आठवते. माझ्या लॅपटॉपवरच्या गेममध्ये जादूच्या राज्यात शंभर मणी लपवलेले होते, आणि शेवटचा मला महिनाभर सापडत नव्हता. दादा सहज खेळायला बसला. कारखान्यात ओतलेलं कास्टिंग आत पोकळ राहिलंय का हे बघायला ते ठोकून आवाज ऐकतात, तसा तो तलवारीनं किल्ल्याची एकेक भिंत ठोकत गेला. "ही पोकळ वाजतीया की," म्हणाला, आणि भिंत फोडून त्यानं मणी काढला. "व्हय रं इंजिनिअर, महिनाभर काय बघत हुतास?" माझा जळफळाट झाला. कॉलेजात मी तो मणी स्वतःच शोधल्याचं सांगितलं. परवा त्याला पत्र लिहिलं: "दादा, मणी तुला सापडला होता, हे आज मित्रांना सांगितलं. अजून थोडा जळतोच."