अन्नपूर्णाबाईंनी सांगितलेला गुरुवार

आमच्या बिल्डिंगमध्ये कुणाला नवी शेगडी पेटवायची असो की मुलगी बघायला निघायचं असो, आधी दुसऱ्या मजल्यावर अन्नपूर्णाबाईंना विचारायचं. बाई तंजावरकडच्या मराठी, शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेल्या. राहुकाळ, अष्टमी, नवमी, इकडे अशुभ मानतात ते सगळं तोंडपाठ. नवऱ्याच्या बदलीमुळे मी साताऱ्याहून चेन्नईत आले, तेव्हा या प्रकाराचा मला भारी राग यायचा. पण बाईंना तसं तोंडावर म्हणायची माझी काय छाती!

त्यांचा एकुलता एक वेंकट. टँकरच्या पाण्यावरून खाली भांडण झालं आणि या गाढवाने तळमजल्यावरच्या व्यासराजच्या डोक्यात लोखंडी पाना घातला. कवटीला तडा गेला, व्यासराज आयसीयूत आणि वेंकट पुळलच्या तुरुंगात. पहिला जामीन अर्ज तर फटक्यात फेटाळला. बाईंच्या घशाखाली घास उतरेना.

दुसऱ्या अर्जाच्या वेळी वकील गिरीधरने त्यांना नीट समजावलं. मारलं की नाही, किती शिक्षा, ते पुढे खटल्यात ठरेल. आत्ता कोर्ट एवढंच बघणार, की जखमी माणूस धोक्याबाहेर आहे का, पोरावर आधीचं काही आहे का, तो पळून जाईल का, साक्षीदारांना धमकावेल का. आणि जज पहिला प्रश्न विचारणार तो हा, की जखमी घरी आला का. सुनावणी बुधवारी होती.

सोमवारी संध्याकाळी मी बाईंकडेच बसले होते, तर दारात व्यासराजची बायको अलमेलू. भांडणापासून तिने या घराकडे मान वळवून पाहिलं नव्हतं. पण नवऱ्याला घरी आणायचं तर दिवस विचारणार कुणाला? उंबऱ्याबाहेर उभी राहूनच तिने विचारलं, डॉक्टर उद्या सोडतो म्हणतात, आणू का?

हो म्हणा, बाई, हो म्हणा, मी मनात घोकत होते. बाईंनी क्षणभर डोळे मिटले.

"उद्या अष्टमी, परवा नवमी. गुरुवारी आण. दुपारच्या राहुकाळाआधी."

ती गेली आणि माझा तोल सुटला. पोर तिकडे सडतंय आणि तुम्हाला अष्टमी-नवमी सुचतेय, एकदा खोटं बोलला असतात तर काय बिघडलं असतं, असं मी वाट्टेल ते बोलले.

"तिच्या नवऱ्याला माझ्याच पोराने आडवा केला," त्या म्हणाल्या. "तरी ती माझ्या भरवशावर आली. तिला कसं फसवू?"

बुधवारी व्हायचं तेच झालं. जखमी अजून इस्पितळात आहे, असं सरकारी वकिलाने सांगितलं आणि जजसाहेबांनी शुक्रवार दिला. रडले ती मी, संतापाने.

गुरुवारी व्यासराज घरी आला. डोक्याला पट्टी, पण स्वतःच्या पायांनी चालत. अलमेलूने दारात त्याला ओवाळलं. बाई जिन्यातून बघत होत्या, पुढे व्हायचा धीर त्यांना झाला नाही.

शुक्रवारी पुकारा झाला तो नेमका राहुकाळात. बाईंनी माझा हात असा धरला की बांगडी रुतली. जखमी घरी आला, पोरावर आधीचं काही नाही, इथपर्यंत ठीक. पण सगळे साक्षीदार एकाच बिल्डिंगमधले, पोरगा बाहेर आला की त्यांच्यावर दबाव येईल, असं सरकारी वकील म्हणाला. तेवढ्यात व्यासराजचा वकील उठला. हा विरोधच करणार हे आम्ही धरून चाललो होतो. तो म्हणाला, मुलगा दुसरीकडे राहणार असेल तर आमच्या अशिलाची हरकत नाही.

जामीन झाला! वेंकटने शहराबाहेर कोवलमला मामाकडे राहायचं, तिथल्या ठाण्यात रोज सही करायची, बिल्डिंगमध्ये पाऊल टाकायचं नाही. बाहेर आल्यावर बाई म्हणाल्या, "भर राहुकाळात सुटला गं," आणि हसू लागल्या. मला इतकं हलकं वाटलं की मी भर रस्त्यात त्यांना मिठी मारली.

घरी आलो तर जिन्याशी अलमेलू उभी. बाई खाली मान घालून बाजूने निघाल्या. तिने वाट सोडली नाही. त्यांचा वकील गुरुवारीच तिला बुधवारचं सगळं सांगून गेला होता, व्यासराज घरी आला नव्हता म्हणून वेंकटचा जामीन अडला ते.

"अक्का," ती म्हणाली, "कोर्टाने अट उठवली की वेंकटला घरी आणायचा दिवस मी बघणार."

मग कुठे, इतक्या दिवसांनी, बाई रडल्या.